हिरव्या खुणेचं घर

एक

प्रतिक्षा गेली ती संक्रांतीच्या आठवड्यात, रोह्याच्या नदीपलीकडच्या अष्टमी गावातल्या ‘सुखवास्तू’ इमारतीच्या पहिल्या मजल्यावर, न्हाणीघराच्या बंद दाराआड. वय चोवीस. रोह्याच्या एका कंपनीत प्रयोगशाळेत कामाला होती. दार तोडलं तेव्हा गॅस गिझर चालू होता, नळ वाहत होता आणि उशीर झाला होता. गिझरचा धूर कोंडून पोर गुदमरली, असं डॉक्टर म्हणाले. खिडकीच्या काचपट्ट्यांवर आतून खाकी चिकटपट्टी लावलेली पोलिसांना दिसली. थंडीचा वारा नको म्हणून तिनंच लावली असणार, असं सगळ्यांनी गृहीत धरलं आणि प्रकरण मिटलं.

मिटलं नाही ते पेणमध्ये, मूर्तींच्या एका कारखान्याच्या वर, दोन खोल्यांच्या भाड्याच्या घरात. तिथं मृणाली राहत होती. वय एकेचाळीस, नवऱ्यापासून वेगळी झालेली, एका कंपनीचं काम घरूनच करणारी. खालून दिवसभर मूर्ती घासण्याचा खसखस आवाज यायचा. कधीकधी तिला अख्ख्या दिवसात तेवढाच माणसांचा आवाज ऐकू येई.

कामातून उरलेल्या वेळात ती ‘घरपारख’ नावाची वेबसाइट चालवायची. पालिकांकडे कितीतरी माहिती सगळ्यांसाठी खुली असते. इमारतींचे मंजूर नकाशे, घरपट्टी, धोकादायक इमारतींची नावं, पाण्याच्या नि गटाराच्या तक्रारी. पण ती बघतो कोण? मृणाली ती गोळा करून एकेका इमारतीपुढे मांडायची आणि शेवटी खूण द्यायची, हिरवी, पिवळी किंवा लाल. मालक भाडेकरूला जात विचारतो, लग्न विचारतो, पाहुणे किती येतील ते विचारतो. भाडेकरूनं मालकाबद्दल काय विचारायचं? म्हणून हा खटाटोप.

‘सुखवास्तू’ला हिरवी खूण होती.

सकाळी मालकाचा मेल आला होता. ‘इतर भाडेकरूंनी अशी चूक करू नये म्हणून सोबतचा फोटो आपल्या साइटवर टाकावा. सुश्रुत.’ फोटोत न्हाणीघराची खिडकी होती, सहा काचपट्ट्या, त्यांवर चिकटपट्टी. मृणाली तो बघत असतानाच दाराची बेल वाजली. तिच्याकडे कुणी बेल वाजवत नसे.

दारात पन्नाशीची बाई उभी होती. पायांना वाटेची धूळ, हातात एसटीचं तिकीट अजून तसंच.

“तूच का गो ती फोनातली घरं दाखवनारी?”

“हो. आपण?”

“मी सरू. गडब गावची. प्रतिक्षाची आई.” ती आत आली नाही. “पोर बोलली व्हती, आये, घराला हिरवी खूण हाय, भ्यायचं काय कारन नाय. म्हनून मी धाडली.”

मृणालीनं पाणी आणलं. सरूनं भांडं हातात घेतलं, पण ओठाला लावलं नाही.

“मी भांडाया नाय आले. येकच सांगाया आले. खिडकी तिनं नाय चिकटवली. ल्हानपनी भाताच्या कणगीत अडकली व्हती ती. तवापासनं घराचं दार लोटलं तरी जीव घाबरा व्हायचा तिचा. थंडीत बी खिडकी उघडी ठेवून निजायची. अशी पोर आपल्या हातानं खिडकी बुजवंल? लोक म्हनतात, शिकलेली असून अडानी निघाली. तेवढं तिच्यावरनं काढ गो.”

ती गेल्यावर मृणालीनं फोटो पुन्हा उघडला, मोठा केला. चार काचपट्ट्या गिझरच्या काजळीनं आणि खाऱ्या पाण्यानं धुरकट झाल्या होत्या.

दोन मात्र लख्ख होत्या.

दोन

पेणहून रोह्याला गाडी रिकामीच जाते दुपारच्या वेळेला. पूल ओलांडून मृणाली अष्टमीत आली. फोटो टाकण्याआधी जागा बघायची आहे, असं तिनं मालकाला कळवलं होतं.

सुश्रुत फाटकात उभाच होता. पंचेचाळिशीचा, कॉलेजात शिकवणारा, आवाज खाली ठेवून बोलणारा. एकेकाळी त्याच्या घराण्याची खाडीकाठी पुष्कळ जमीन होती. आता ही तीन मजली इमारत होती. ‘घरपारख’ला आपणहून नकाशा पाठवणारा तो पहिला मालक. त्याच्या इमारतीची पालिकेत एकही तक्रार नव्हती, कारण भाडेकरूनं फोन केला की संध्याकाळच्या आत तो प्लंबर पाठवायचा.

“मला झोप लागत नाही, ताई,” तो म्हणाला. “मुलगी गुणी होती. एवढी काळजी घेऊनसुद्धा…”

न्हाणीघर लहानसं होतं. खिडकी उघडत होती ती डक्टमध्ये, म्हणजे सगळ्या न्हाणीघरांच्या मागून तळापासून गच्चीपर्यंत जाणाऱ्या उभ्या मोकळ्या जागेत. काचपट्ट्यांतून समोरची भिंत तेवढी दिसे. मान वर करायला जागा नव्हती.

प्रतिक्षाची सोबतीण नम्रता पलंगावर गुडघे पोटाशी घेऊन बसली होती. तिच्या समोरच्या पलंगावरची गादी गुंडाळलेली होती.

“त्या दिवशी मी रात्रपाळीहून आले,” ती म्हणाली. “मी कंपनीतच आंघोळ करून येते. प्रतिक्षा आत होती. एरवी गात असायची, त्या दिवशी नुसता नळ. हाक मारली, ओ नाही. खाली धावले, दुकानातून निकेशदादाला आणलं. त्यानं दार तोडलं.”

“आधी कधी तिला त्रास झाला होता?”

“डोकं दुखायचं आंघोळीनंतर. थंडी सुरू झाल्यापासून. आम्हाला वाटलं, प्रयोगशाळेतल्या वासांनी असेल.”

“आणि ही चिकटपट्टी?”

नम्रतानं न्हाणीघराच्या मोडक्या दाराकडे पाहिलं. मग म्हणाली, “मी आदल्या दिवशी कपडे धुतले तिथं. मला दिसली नव्हती. पण पोलिसांनी दाखवली तेव्हा होती.”

मृणालीनं गच्ची बघायला मागितली. सुश्रुतनं नेलं. डक्टचं तोंड उघडं होतं, वर स्वच्छ आभाळ. खाली मात्र कबुतरं खाली जाऊ नयेत म्हणून बांधलेली दाट हिरवी जाळी आणि तिच्याखाली काळोख.

“बघा, मोकळं आहे,” सुश्रुत म्हणाला.

उतरताना दुसऱ्या मजल्यावर, प्रतिक्षाच्या बरोबर वरच्या घराला कुलूप दिसलं. कुलूप नवं होतं.

“इथं कोण राहतं?”

“कोणी नाही. बंदच असतं.” तो एक पायरी खाली उतरला. “किल्लीसुद्धा इथं नाही, पेणला आईकडे आहे. आणि कृपा करून तिला भेटू नका. कंबरेचं हाड मोडलंय तिचं. तिला यातलं काही कळू दिलेलं नाही मी.”

तीन

तळमजल्यावर निकेशचं किराणा दुकान होतं. गाळाही सुश्रुतच्याच मालकीचा. निकेश तिशीचा, एरवी बडबड्या असावा, पण मृणालीनं नाव सांगताच त्यानं बरण्या पुसायला घेतल्या. उजव्या हाताला पट्टी होती.

“हाताला काय झालं?”

“सोड्याच्या बाटल्यांचा क्रेट पडला.”

पट्टी मुठीवरच्या पेरांवर होती. पडता क्रेट सावरताना तळहात कापतो, पेरं कापत नाहीत. मृणालीनं तसं काही बोलून दाखवलं नाही.

“तुम्हीच तिला दवाखान्यात नेलंत ना?”

“मी आणि नम्रता. रिक्षात मांडीवर घेतलं तिला. काय उपयोग नाय झाला.” त्यानं बरणी खाली ठेवली. “रोज माझ्याकडनं चिक्की न्यायची.”

“मग घरात मागे कोण होतं? घर तर उघडंच राहिलं असेल.”

“सर आले ना. त्यांनीच सांभाळलं पोलीस येईपर्यंत. राखणीला कोणतरी नको?” एवढं बोलून त्यानं अर्धं शटर ओढलं. “ताई, मला धंदा करायचाय इथं. मला काय विचारू नका.”

मृणाली रस्त्यावर आली. तेवढ्यात वरून हाक आली.

“ए बाय! तू तिच्या घरची गो? वर ये. मला तिचं काय तरी सांगायचंय.”

तिसऱ्या मजल्याच्या खिडकीत एक म्हातारी उभी होती.

चार

चंद्रावती मूळची खाडीकाठची. आयुष्य मिठागरात गेलेलं, पायांच्या भेगांत अजून मिठाचे पांढरे वण होते. मुलगा परदेशात होता. त्यानं आईला ‘चांगल्या घरात’ ठेवलं होतं. घर खरंच चांगलं होतं, फक्त दिवसभर त्यात बोलायला कोणी नव्हतं.

“चाय घे,” ती म्हणाली आणि मृणाली नाही म्हणायच्या आत दोन कप ओतून मोकळी झाली. “ती पोर न्हाताना गायची. त्या मोरीच्या खिडकीतनं मला सगळं ऐकाया यायचं. मी बी स्टूल घेऊन तिथंच बसायची, भाजी निवडीत. येकदा मी वरनं वराडले, गो, ते परत म्हन! तर खालनं हसली आनि परत म्हनली.”

“मग?”

“मग दिवाळी झाली नि तिचा आवाजच बंद झाला. मला वाटलं, रुसली. म्हातारी कान लावून बसते म्हनून लाजली आसंल. जिन्यात भेटली की हसायची, पन गानं नाय.” तिनं पदर डोळ्यांना लावला. “विचारायचं व्हतं मला. राह्यलं.”

मृणालीनं कप खाली ठेवला.

“दिवाळीनंतर ती गायचीच नाही?”

“नाय. येक दिस बी नाय.”

नम्रता तर म्हणाली होती, एरवी गात असायची. दोघींपैकी खोटं कोणी बोलत नव्हतं. मृणाली उठली, न्हाणीघरात जाऊन तिनं खिडकी पूर्ण उघडली आणि नम्रताला फोन लावला.

“तुमच्या न्हाणीघरात जा. खिडकीला तोंड लावून जेवढ्या जोरात ओरडता येईल तेवढं ओरड. प्रतिक्षाच्या नावानं ओरड.”

फोनमधून किंकाळीसारखी हाक आली. मृणालीनं फोन छातीशी दाबून धरला आणि कान खिडकीबाहेर काढला. चंद्रावतीही तिच्या खांद्याला खेटून ऐकत होती.

खाली जाळीवर फक्त कबुतरं घुमत होती.

“जाळी कधी बांधली, मावशी?”

“दिवाळीतच की. सरानं स्वता हुबं ऱ्हाऊन बांधली. त्या आधी आठ दिस खाली ठोकाठोक चालली व्हती.”

पाच

दुसऱ्या दिवशी घरपट्टीच्या यादीतून पत्ता काढून मृणाली पेणमध्येच सुश्रुतच्या आईकडे गेली. भेटू नका म्हटलं होतं त्यानं. रात्रभर तिला ते टोचत होतं, पण सरूचा चेहरा त्याहून जास्त टोचत होता.

वत्सलाबाई वॉकरवर भार टाकून दारापर्यंत आल्या. घर स्वच्छ, शांत. कामाची बाई येऊन गेलेली. टीव्हीचा आवाज बंद करून नुसती चित्रं चालू ठेवलेली होती.

“सुश्रुतच्या ओळखीची का? ये ना, ये. कोणी येतच नाही गं. माझी नात अनन्या होती तेव्हा वर्दळ असायची, आता ती परदेशी शिकायला गेली.” त्यांनी लाडवांचा डबा पुढे केला. “रोह्याला जाऊन आलीस म्हणतेस? मग माझं घर पाहिलंस का?”

“तुमचं घर?”

“दुसऱ्या मजल्यावरचं! मी पडले ना न्हाणीघरात, तेव्हापासून सुश्रुतनं ध्यास घेतला, आईला जवळ आणायचं. तिथलं न्हाणीघर अगदी एवढंसं. वॉकर वळायचासुद्धा नाही. तर दिवाळीच्या सुट्टीत त्यानं मागची भिंत पाडून केवढं मोठं करून घेतलं!” त्यांनी फोन काढून फोटो दाखवला. पांढऱ्या फरश्या, धरायला दोन दांडे, बसायला पाट. “संक्रांतीला नेणार होता. आता म्हणतो, आई, थोडी थांब. तू बोल ना त्याच्याशी. मला इथं दिवस खायला उठतो.”

मृणालीनं फोटोतली मागची भिंत पाहिली. मंजूर नकाशा तिला तोंडपाठ होता. पाडलेल्या भिंतीमागे घर नव्हतं.

“छान झालंय,” ती कशीबशी म्हणाली.

सहा

प्रतिक्षाच्या खोलीत सगळे जमले. सरूला मृणालीनं गडबहून स्वतः आणलं होतं. ती दाराशी जमिनीवर बसली. नम्रता पलंगावर होती, निकेश उंबऱ्यात. सुश्रुत खुर्चीवर बसला, मग कोणीच खुर्चीवर नाही हे बघून उभा राहिला.

“फोटो टाकणार ना तुम्ही?” त्यानं विचारलं.

“त्याआधी थोडं बोलायचंय.” मृणालीनं नकाशाची प्रत पलंगावर पसरली. “हा तुम्हीच पाठवला होता. पालिकेत आहे तोच. यात डक्ट तळापासून आभाळापर्यंत मोकळा आहे. दिवाळीपर्यंत तो तसाच होता, म्हणून प्रतिक्षाचं गाणं तिसऱ्या मजल्यावर ऐकू यायचं. दिवाळीनंतर ती गातच होती, पण वर ऐकू येईना. मी नम्रताला हाक मारायला लावून पाहिलं. आवाज मध्येच अडतो. आवाज अडतो तिथं धूरही अडतो. म्हणून तिचं डोकं दुखायचं. दुसऱ्या मजल्यावर डक्टमध्ये स्लॅब पडलाय, सर. तुमच्या आईंच्या न्हाणीघराचा. वरून दिसू नये म्हणून जाळी बांधली.”

सुश्रुतनं नकाशावरून मान वर केली. “तुम्ही आईला…”

“काही सांगितलं नाही.”

“मान्य,” तो हळूच म्हणाला. “बांधकाम चुकलं. पण खिडकी तर तिनंच बंद केली होती. ती उघडी असती तर…”

“उघडीच होती.” मृणाली निकेशकडे वळली. “हाताची पेरं कशानं कापली, निकेश?”

निकेशनं एकदा सुश्रुतकडे पाहिलं आणि मग दाराशी बसलेल्या सरूकडे. तिथून त्याची नजर हलेना.

“दार तोडून आत गेलो तर खिडकी उघडी होती, पट्ट्या आडव्याच होत्या,” तो म्हणाला. “तरी आत श्वास घेता येईना. नम्रता रिक्षा बघायला खाली धावलेली. काय सुचेना, म्हणून मुठीनं दोन काचा फोडल्या. चिकटपट्टी बिट्टी काय नव्हती. मागाहून सर बोलले, काचा फोडल्याचं बोलू नको, दार तोडणारा तूच, काचा फोडणारा तूच, तुझ्यावरच येईल. मी भ्यालो. भाड्याचा गाळा आहे माझा.”

“फोटोत सहाही काचा धड आहेत,” मृणाली म्हणाली. “त्यातल्या चार धुरकट, दोन लख्ख. तुम्ही सगळे दवाखान्यात असताना कोणीतरी दोन काचा नव्या बसवल्या आणि मग चिकटपट्टी लावली. इथं एकटे होते सरच. आणि दुसऱ्या मजल्यावरची खिडकी काढून टाकल्यावर तिच्या काचा उरल्या होत्या त्यांच्याकडेच.”

सुश्रुत भिंतीला टेकला.

“गवंड्यानं विचारलं होतं,” तो म्हणाला, “सर, खालच्यांच्या वाऱ्याचं काय? मी म्हटलं, बघू. त्या सकाळी मी या दारात उभा राहिलो आणि मला एका क्षणात सगळं कळलं. चिकटपट्टी वरच्या घरातच पडली होती, सामानाच्या खोक्यांची. पोलीस यायचे होते. मला फक्त आई दिसत होती. मला नेलं तर तिला बघणार कोण? ती एकटी आहे हो.”

“माज्या पोरीला बी आई व्हती,” सरू म्हणाली.

ती ओरडली नाही. सुश्रुत खाली बसला, सरूच्या समोर, जमिनीवर, आणि लहान मुलासारखा रडू लागला. सरू त्याच्याकडे बघत राहिली. मग उठली आणि नम्रताच्या खांद्यावर हात ठेवून जिना उतरली.

सात

सुश्रुतनं त्याच दिवशी पोलीस ठाण्यात जाऊन सगळं सांगितलं. स्लॅब फोडला गेला. पेणहून वत्सलाबाईंना त्यांच्या भाचीनं नेलं. त्यांना किती सांगितलं, कोणी सांगितलं, हे मृणालीला कळलं नाही आणि विचारायचं धाडसही झालं नाही.

गडबला सरूनं घरातल्या चार माणसांसमोर मृणालीकडून पुन्हा एकदा सगळं वदवून घेतलं. खिडकी उघडी होती. पोरीची चूक नव्हती. ऐकून तिनं मान हलवली आणि भात झोडपायला निघून गेली. तिला आणखी काही नको होतं.

मृणाली पेणला परतली. दोन दिवस तिनं ‘घरपारख’ उघडलं नाही. कागद खरे होते, तिचं कामही चोख होतं, तरी एक जीव गेला होता. बंद करून टाकावं, असं ठरवून तिसऱ्या दिवशी दुपारी ती बसली, तेव्हा अनोळखी नंबरावरून फोन आला.

“मॅडम, मी नमिता. नर्स आहे, नवीन लागलेय पेणला. तुमच्या साइटवर एक इमारत बघितली. नकाशा, घरपट्टी, सगळं ठीक दिसतंय. घेऊ का?”

“कागदावर ठीक आहे,” मृणाली म्हणाली. “आत जाऊन पाहिलंस?”

“खालीच उभी आहे. मालक वर बोलावतोय. पण…” मुलीचा आवाज बारीक झाला. “एकटीनं काय बघायचं ते कळत नाही. काय विचारायचं असतं?”

“सोबत कोणी नाही?”

“इथं कोणी ओळखीचंच नाही माझ्या.”

मृणालीनं खिडकीबाहेर पाहिलं. इमारत चालत जाण्याच्या अंतरावर होती.

“वर जाऊ नकोस,” ती चप्पल शोधत म्हणाली. “चहाची टपरी आहे बघ समोर, तिथं बस. मी येते.”